स्वतःचे व्हिडिओ-चित्र कसे करावे

सोनीचा पोर्टापॅक हा एकट्याने वाहून नेता येणारा व्हिडिओ-चित्रणाचा संच 1967 साली बाजारात आला आणि चित्रण करणारा व चित्रित होणारा एकच माणूस असणे सोपे झाले. अमेरिकी कलावंत व्हिटो अकाँची यांनी 1971 मध्ये ‘सेंटर्स’ या व्हिडिओ-कृतीत पडद्यावरील स्वतःच्याच प्रतिमेच्या मध्यावर वीस मिनिटांहून अधिक काळ बोट रोखून धरले. भारतीय कलावंत सोनिया खुराना यांच्या 1999 मधील ‘बर्ड’ या व्हिडिओमध्ये उडू पाहणारे आणि पुन्हापुन्हा कोसळणारे शरीर त्यांचे स्वतःचे आहे. दोन्हींत प्रत्येकी एकच क्रिया आहे. आपणही एकच निवडावी, आणि ती रोजची असावी.

समजा, कापूस वेचणे निवडले. दव सुकल्यावर वेचणी सुरू होते, तेव्हा ऊन अजून तिरपे असते; हीच वेळ साधावी. फोन आडवा ठेवून बांधावरच्या दगडांमध्ये पक्का बसवावा आणि मध्येच कोणाचा फोन येऊ नये म्हणून फ्लाइट मोड लावावा. फुटलेल्या बोंडांच्या पांढऱ्या पसाऱ्यामुळे कॅमेरा उजेड आपोआप कमी करतो आणि चेहरा काळवंडतो. यावर उपाय म्हणून बहुतेक फोनमध्ये चेहऱ्याच्या जागी पडद्यावर बोट दाबून धरले की उजेड व फोकस तेथेच स्थिर करता येतो. एकटे असाल तर त्या जागी ओटीचा धडपा (वेचलेला कापूस ठेवायला कमरेला बांधायचे फडके) काठीवर टांगून हे जमवावे. घरात, बल्बच्या उजेडात चित्रण करताना पट्टे सरकताना दिसले, तर कॅमेऱ्याच्या प्रो मोडमध्ये (जेथे सेटिंग हाताने ठरवता येतात) शटरचा वेग 1/50 सेकंद करावा, कारण आपल्याकडील वीज 50 हर्ट्झची आहे.

चित्रण मागच्या कॅमेऱ्यानेच करावे. पुढच्या कॅमेऱ्यात आपण स्वतःला आरशातल्यासारखे उलटे पाहत राहतो, केस सारखे करतो, आणि हात पऱ्हाटीवर असले तरी लक्ष पडद्याकडे लागते. (सेल्फीला नावे ठेवण्याचा हेतू नाही, ती वेगळी गोष्ट आहे.) निदान दहा मिनिटे न थांबता चित्रण करावे. पहिली दोन-तीन मिनिटे बहुधा अभिनयातच जातात, पण ती कापून टाकू नयेत, कारण आपण कोण दिसू इच्छितो याची नोंद तेथेच होते.

खरी गंमत आवाजात आहे. कॅमेरा सुरू झाला की आपल्याकडचा माणूस नकळत पुस्तकी मराठीकडे वळतो. घरात ‘मी वावरात जाऊन रायलो’ म्हणणारा तोच माणूस ‘मी शेतात जात आहे’ असे सावकाश, शब्द तोलत म्हणतो. म्हणून तीच हकीकत दोन वेळा बोलावी, एकदा परक्याला आणि एकदा आईला सांगितल्यासारखी, आणि दोन्ही ध्वनिमुद्रणे एकाच दृश्यावर एकामागून एक लावून पाहावीत. वाऱ्याची घरघर टाळण्यासाठी बोलणे ओसरीत वेगळे मुद्रित करणे सोयीचे.

चौकटीत शेजारच्या वेचणाऱ्या बाया येत असतील, तर त्यांना आधी विचारावे आणि झालेले चित्रण दाखवावे. संपादन मात्र लगेच करू नये. आठवडाभराने पाहिल्यावर पडद्यावरचा माणूस जरा परका वाटतो, आणि कोठे कापायचे हे तेव्हा अधिक स्पष्ट दिसते.