समुद्रतळाच्या धुरांड्यातले जीव बाटलीत वाढवताना या चुका टाळा

समुद्रतळावरच्या काळ्या धुरांड्याचा, म्हणजे गरम झऱ्याभोवती खनिजं साठून झालेल्या नळकांड्याचा, तुकडा माध्यमात (जीव वाढवायच्या पोषक द्रावणात) घातला, बाटली 85 अंशांवर ठेवली आणि आठवड्यानंतर पाहिलं तर काहीच नाही. अशा वेळी नमुना मेलेला होता असं लगेच ठरवू नका. मिथेन बनवणारा मिथॅनोकाल्डोकॉकस जॅनाशी याच तापमानाला, सगळं जुळलं तर, अर्ध्या तासाच्या आत दुप्पट होतो. वाढ संपली की तापलेल्या बाटलीतल्या पेशी फुटून विरघळायला लागतात. म्हणजे आठवड्यानंतर बघणाऱ्याला मेजवानी संपल्यावरची रिकामी पंगत दिसते. पहिली तपासणी 12 तासांनी करा, दुसरी 24 तासांनी. पेशी दिसल्या की बाटली लगेच गार करून 4 अंशांवर ठेवा.

नमुना सांभाळतानाची चूकही तापमानाचीच. ‘गरम जागचा जीव’ म्हणून तो उबेला ठेवला जातो. हे जीव गार असताना ऑक्सिजन बऱ्यापैकी सोसतात, पण वाढीच्या तापमानाला तोच ऑक्सिजन त्यांना मारतो. म्हणून तुकडा ऑक्सिजन काढलेल्या समुद्राच्या पाण्यात बुडवून, बूच घट्ट लावून 4 अंशांवर ठेवावा. तुकडा घेतानाही भिंतीचा घ्या. झऱ्याच्या तोंडातून येणारं 350 अंशांचं पाणी जीवांसाठी फार गरम असतं. हिंदी महासागरातल्या कैरेई क्षेत्रातल्या धुरांड्यातून वेगळ्या केलेल्या मिथॅनोपायरस कँडलेरीने जास्त दाबाखाली 122 अंशांपर्यंत वाढ दाखवली, ती आजवरची ज्ञात कमाल.

माध्यमात लिटरला 1 मिलिग्रॅम रेझाझुरिन (ऑक्सिजन दाखवणारा रंग) घाला आणि त्याच्या रंगावर विश्वास ठेवा. निळा म्हणजे ऑक्सिजन भरपूर, गुलाबी म्हणजे अजून थोडा शिल्लक, रंगहीन झालं तरच नमुना घालायचा. ‘किंचित गुलाबी आहे, चालेल’ इथेच बहुतेक बाटल्या वाया जातात. उरलेला ऑक्सिजन काढायला लिटरला अर्धा ग्रॅम सिस्टीन हायड्रोक्लोराइड आधी घाला. त्याच कामासाठी नऊ पाण्याचं (स्फटिकात पाण्याचे नऊ रेणू असलेलं) सोडियम सल्फाइड, तेही अर्धा ग्रॅम, अगदी शेवटी, नमुन्याच्या जरा आधी आणि फ्यूम हूडमध्येच (विषारी वायू ओढून घेणाऱ्या कपाटात). त्यानंतर ऑक्सिजन काढण्यासाठी माध्यमातून पुन्हा वायू फुंकू नका. माध्यम आम्लधर्मी असेल तर सल्फाइडचा हायड्रोजन सल्फाइड होऊन तो वायूबरोबर निघून जातो. तो विषारी आहे.

बूच जाड ब्युटाइल रबराचंच हवं. सिलिकॉनच्या बुचातून आणि नळीतून ऑक्सिजन झिरपतो. सिरिंज प्रत्येक वेळी नायट्रोजनने तीनदा धुवा.

सुरुवातीला रंगहीन असलेली बाटली दुसऱ्या दिवशी गुलाबी झाली, तर आधी दाब तपासा. मिथेन बनताना चार भाग हायड्रोजन आणि एक भाग कार्बन डायऑक्साइड मिळून एकच भाग मिथेन तयार होतो. वायू घटतो, गार झाल्यावर बाटलीत निर्वात होतो आणि सुईने चाळण झालेल्या बुचातून हवा आत ओढली जाते. यावर उपाय म्हणजे 80:20 हायड्रोजन-कार्बन डायऑक्साइड वायू पुन्हा भरून दाब 2 वातावरणांच्या आसपास ठेवणं. काचेला तडा नाही ना हे पाहा, तापलेली बाटली संरक्षक पडद्याआडच ठेवा.

थर्मोकॉकस किंवा पायरोकॉकस हे हायड्रोजन सोडणारे उष्णताप्रेमी जीव; त्यांपैकी एखादा वाढता वाढता मध्येच थांबला, तर हायड्रोजन कमी पडला असं समजू नका. उलट तो साठलेला असतो आणि त्यांची वाढ रोखतो. गंधक घातलं की अडचण सुटते. मात्र गंधक 121 अंशांच्या ऑटोक्लेव्हमध्ये (दाबाच्या वाफेने निर्जंतुक करणाऱ्या भांड्यात) वितळून त्याचा गोळा होतो. सलग तीन दिवस 100 अंशांच्या वाफेत निर्जंतुक करा.

गढूळपणावरून वाढ मोजणंही फसवं. लोह आणि सल्फाइड भेटले की माध्यम काळं होतं, गंधकाचे कण सूक्ष्मदर्शकात थेट गोल पेशींसारखे दिसतात. डॅपीने (पेशींमधल्या डीएनएला चिकटून चमकणाऱ्या रंगाने) रंगवा आणि नमुना न घातलेली बाटली शेजारी ठेवून तुलना करा. मिथेन बनवणारे 420 नॅनोमीटरच्या प्रकाशात स्वतःच निळसर-हिरवे चमकतात, ती खूण गंधकात नसते. घट्ट माध्यमाची प्लेट हवी असेल तर अगर (नेहमीचा घट्ट करणारा पदार्थ) नको, या तापमानाला ते पातळ होतं. जेलराइट हा उष्णता सोसणारा पदार्थ वापरा, ते घट्ट व्हायला मॅग्नेशियम किंवा कॅल्शियम लागतं.

सगळेच नमुने ऑक्सिजनशिवाय ठेवणं ही मात्र मोठी चूक. तोंड आणि आतडं नसलेल्या, झऱ्यांजवळ नळीत राहणाऱ्या रिफ्टिया किड्याला पोसणारे जीवाणू सल्फाइडबरोबर ऑक्सिजनही वापरतात. सल्फ्युरिमोनास या जीवाणूच्या गटातल्या अनेकांना तो अगदी थोडाच, 1 टक्क्याच्या आसपास, हवा असतो. एकाच तुकड्याचे दोन भाग करा, एक पूर्ण ऑक्सिजनमुक्त, दुसरा इतक्याच ऑक्सिजनात. त्या दुसऱ्या बाटलीत हायड्रोजनही असेल तर ऑक्सिजन वाढू देऊ नका, ते मिश्रण ठिणगीने पेटतं.