नेट गेलं? मोडेमचा लाल लाइट आधी बघा

नेट बंद पडलं की पहिला हात जातो मोडेमच्या स्विचकडे. जाऊ दे, पण त्याआधी मोबाईलवर लाइटचा एक फोटो काढून ठेवा, कस्टमर केअरवाला पहिलं तेच विचारतो.

फायबरच्या मोडेमवर (फायबर म्हणजे काचेच्या तंतूची वायर, तिच्यातून सिग्नल उजेडाने येतो) दोनच लाइट महत्त्वाचे, पॉन (PON, कंपनीशी जोडणी झाली का ते सांगतो) आणि एलओएस (LOS, सिग्नल तुटला की लाल होतो). पॉन हिरवा स्थिर आणि एलओएस बंद असेल तर फायबर ठीक आहे, वायरच्या मागे लागू नका. एलओएस लाल ब्लिंक होतोय म्हणजे मोडेमपर्यंत उजेडच पोचत नाहीये किंवा फारच कमी पोचतोय, मग दहा वेळा रीस्टार्ट केलं तरी काही होणार नाही. अशा वेळी ती बारीक वायर मोडेमपासून भिंतीपर्यंत बोटाने चाचपत जा, कुठे दुमडलीय का, कशाखाली दबलीय का. आमच्याकडे एकदा साफसफाईत कपाट मागे सरकवलं आणि वायर भिंतीला चेपली, कपाट चार बोटं पुढे ओढलं तर लाल लाइट गेला! आत काचेचा तंतू असतो, त्यामुळे वायरचा जादा भाग गुंडाळायचाच असेल तर निदान वाटीएवढा गोल ठेवा.

मग कनेक्टर, म्हणजे त्या वायरच्या टोकाची पिन. बहुतेक ठिकाणी हिरवा असतो, बाहेर काढून सरळ परत घाला, टक् आवाज आला पाहिजे. टोकाला बोट लावू नका, फुंकर तर अजिबात नको, आणि टोकात डोकावून बघू नका, आतला लेझर डोळ्याला दिसत नाही पण इजा करू शकतो. हिरव्याच्या जागी निळा कनेक्टर घालायचा जुगाड पण नको, हिरव्याचं टोक ८ अंशात तिरकं घासलेलं असतं, दोन्ही नीट जुळत नाहीत.

एलओएस बंद पण पॉन नुसताच ब्लिंक होतोय? म्हणजे उजेड येतोय पण कंपनीच्या मशीनशी रजिस्ट्रेशन होत नाहीये. पाच मिनिटं थांबा, नाहीतर कंप्लेंट टाका, घरातून काही करता येत नाही. पॉन स्थिर आणि इंटरनेटचा लाइट लाल असेल तर आधी प्लॅन संपलाय का ते बघा (हसू नका, होतं असं), मग लॉगिनचं युजरनेम-पासवर्ड. लॅनचा (मोडेममधून कॉम्प्युटरला जाणाऱ्या वायरचा) लाइट लुकलुकतो तो डेटा चालू असल्यामुळे, तो फॉल्ट नाही.

आणि ते टाचणीने दाबायचं रिसेटचं भोक, त्याला हात लावू नका, युजरनेम-पासवर्डसकट सगळं सेटिंग उडतं आणि मग टेक्निशियनची वाट बघत बसावं लागतं.