गोलावरचा काटकोन त्रिकोण: नेपियरचं चक्र वापरा, दहा सूत्रं पाठ करू नका

काटकोन सोडा, उरलेले पाच भाग त्रिकोणातल्याच क्रमाने वर्तुळात लिहा, हेच नेपियरचं चक्र, काटकोनाच्या दोन बाजू (गोलावर बाजूही अंशांतच मोजतात) तशाच पण कर्ण आणि दोन्ही कोन ९० मधून वजा करून, इथंच पोरं गंडतात. मग कुठलाही भाग मधला धरा, त्याचा साइन म्हणजे शेजारच्या दोघांच्या टॅनचा गुणाकार किंवा पलीकडच्या दोघांच्या कॉसचा, बस्स.

साताऱ्याचंच बघा ना, अक्षांश १७.७, २१ जूनला सूर्याची क्रांती (खगोलीय विषुववृत्तापासूनचं अंतर) २३.४ उत्तर. क्षितिजावरचा उत्तरबिंदू, आकाशातला उत्तर ध्रुव आणि उगवता सूर्य हा त्रिकोण, काटकोन उत्तरबिंदूपाशी, उत्तरबिंदू ते ध्रुव ही बाजू म्हणजे अक्षांश, उत्तरबिंदू ते सूर्य ही बाजू म्हणजे दिगंश (क्षितिजावर उत्तरेपासून मोजलेला कोन), कर्ण ९० वजा २३.४, म्हणजे चक्रात परत २३.४च. साइन २३.४ = कॉस १७.७ गुणिले कॉस दिगंश, दिगंश येतो ६५.४, म्हणजे सूर्य पूर्वेपासून जवळपास २५ अंश उत्तरेला उगवतो.

उत्तर साइनमधून काढलं तर कोन दोन निघतात, तेव्हा कोन आणि त्याच्या समोरची बाजू दोन्ही ९० च्या आत किंवा दोन्ही बाहेर, हे तपासाच.