लिटरचे किलो करताना: विकीवरचं तेल-वजन साधन सुधारू पाहणाऱ्या नवख्यांसाठी

शेंगतेलाचा १५ किलोचा डबा आणि १५ लिटरचा डबा शेजारी ठेवले तर लांबून फरक कळत नाही. पण १५ लिटरच्या डब्यात तेल बसतं पावणेचौदा किलोच्या आसपास, आणि १५ किलो तेलाला जागा लागते जवळपास साडेसोळा लिटर. बेळगावच्या रविवार पेठेत घ्या की निपाणी-चिकोडीच्या बाजारात, दर लिटरचा की किलोचा हे विचारल्याशिवाय दोन दुकानांचे भाव ताडून बघता येत नाहीत. विकीवरचं तेल-वजन साधन लिटरचे किलो आणि किलोचे लिटर करून देतं, त्याचा रोजचा उपयोग हाच. म्हणून त्यातली चूक नुसती कागदावर राहत नाही, ती थेट कुणाच्या तरी हिशेबात शिरते.

या साधनाचे दोन भाग असतात. पुढे दिसतो तो साचा, त्यात वाचक किंवा संपादक आकडा, एकक आणि तेलाचं नाव भरतो. मागे असतो तो लुआ या प्रोग्रामिंग भाषेतला विभाग, गणित तिथे होतं. मराठी विकिपीडियावर ही दोन्ही नामविश्वं (पानांचे गट) 'साचा:' आणि 'विभाग:' याच नावांनी आहेत. कोड येत नाही म्हणून कुणी मागे राहू नये. बेळगाव, खानापूर, अथणीकडच्या कॉलेजांत रसायनशास्त्र शिकणाऱ्या मुलामुलींना या कामात कोड लिहिणाऱ्यांपेक्षा जास्त वाव आहे, कारण अशा साधनांत बिघाड असतो तो बहुतेक वेळा आकड्यांत, कोडमध्ये कमी.

गणित एका ओळीचं आहे: वजन म्हणजे आकारमान गुणिले घनता. उलट जायचं तर भागायचं. नवखे हमखास घसरतात ते इथेच. किलोवरून लिटर काढतानाही गुणाकारच ठेवला जातो, आणि १५ किलोचे १३.७ लिटर होतात. तेल पाण्यापेक्षा हलकं, म्हणून लिटरचा आकडा किलोच्या आकड्यापेक्षा नेहमी मोठाच यायला हवा. एवढी एक खूणगाठ बांधली तरी ही चूक निसटत नाही.

खरा प्रश्न घनतेचा आहे. सगळ्या तेलांना ०.९२ हा एकच आकडा लावून मोकळं होणारी साधनं खूप सापडतात. आमचं मत स्पष्ट आहे: तेलाचं नाव आणि तापमान या दोन गोष्टी नसतील तर साधनाने उत्तर देऊ नये, विचारावं. फार तर तापमान दिलं नसेल तेव्हा ३० अंश धरावं आणि तसं उत्तरातच लिहावं.

आकडे कुठून घ्यायचे? कोडेक्स अलिमेंटारियस या आंतरराष्ट्रीय अन्नमानकांच्या संचातल्या वनस्पती तेलांच्या मानकात (क्रमांक २१०, सन १९९९) प्रत्येक तेलाची सापेक्ष घनता दिली आहे. शेंगदाणा ०.९१२ ते ०.९२०, सोयाबीन ०.९१९ ते ०.९२५, सूर्यफूल ०.९१८ ते ०.९२३, करडई ०.९२२ ते ०.९२७, हे सगळे २० अंश सेल्सिअसचे. यात दोन खड्डे आहेत. पहिला म्हणजे हे आकडे २० अंशांच्या पाण्याच्या तुलनेत आहेत, ग्रॅम प्रति मिलिलिटर नव्हेत. २० अंशांना पाण्याची घनता ०.९९८२ असते, तेव्हा प्रत्येक आकड्याला तिने गुणावं लागतं. शेंगतेल मग ०.९१०४ ते ०.९१८३ होतं, मधला आकडा ०.९१४३. फरक किरकोळ वाटतो, पण १५ लिटरमागे तो पंचवीस ग्रॅमांच्या जवळ जातो.

दुसरा खड्डा मोठा आहे. त्याच तक्त्यात पामतेलाचा आकडा ०.८९१ ते ०.८९९ दिसतो आणि वाटतं, पामतेल भलतंच हलकं. पण तो आकडा ५० अंशांचा आहे, कारण पामतेल थंडीत घट्ट होतं. खोबरेलचा ०.९०८ ते ०.९२१ हा ४० अंशांचा. प्रत्येक आकड्याचं तापमान न बघता हे आकडे २० अंशांच्या रांगेत नेऊन बसवले की ३० अंशांच्या पामतेलासाठी १५ लिटरमागे सुमारे ३०० ग्रॅम कमी मोजले जातात. म्हणून आकड्यांच्या पानावर प्रत्येक तेलापुढे 'कोणत्या तापमानाची घनता' हा वेगळा रकाना ठेवा. तो रिकामा असेल तर ती नोंद स्वीकारू नका.

तापमानाचं गणित साधं आहे. खाद्यतेल एक अंश तापलं की लिटरमागे साधारण ०.६८ ग्रॅम हलकं होतं. ही अंशामागची घट, म्हणजे उतार, पडताळायला उत्तम दाखला २०२२ सालचा आहे. तेव्हा केंद्राच्या ग्राहक व्यवहार विभागाने खाद्यतेलाच्या उत्पादकांना सांगितलं की पाकिटावर लिटरच्या आकड्यापुढे तापमान लिहू नका आणि आकारमानासोबत वजनही छापा. काही जण ६० अंशांचं लिटर छापत होते. विभागाने दिलेलं उदाहरण असं: एक लिटर सोयाबीन तेल २१ अंशांना ९१९.१ ग्रॅम भरतं आणि ६० अंशांना ८९२.६ ग्रॅम. ३९ अंशांत २६.५ ग्रॅम घट, म्हणजे अंशामागे ०.६७९. साधनाच्या चाचणीपानावर या दोन आकड्यांना पहिलं स्थान द्या. एक लिटरच्या पाकिटावर ९१० ग्रॅम छापलेलं असतं, तेही यातून उलगडतं. सोयाबीन तेल एवढ्या वजनाचं होतं ते साधारण ३४ अंशांना.

आपल्याकडे हे सगळं सोडून देता येत नाही. शेंगतेलाचा १५ लिटरचा डबा २० अंशांच्या सकाळी १३.७१ किलो, तर ३० अंशांच्या दुपारी १३.६१ किलो. थंडीत बेळगाव-खानापूरकडे रात्री पारा बराच खाली येतो, आणि खोबरेल २४-२५ अंशांखाली गोठतं. गोठलेल्या तेलाला हा सरळ उतार लागू पडत नाही. साधनाने तिथे आकडा न देता 'या तापमानाला हे तेल घट्ट असते' एवढं सांगावं.

ज्यांच्या हाताशी कॉलेजची प्रयोगशाळा आहे त्यांनी एकदा तरी घनता स्वतः मोजावी. ५० मिलिलिटरची विशिष्ट गुरुत्व बाटली, ०.०१ ग्रॅमपर्यंतचा काटा आणि थर्मामीटर पुरतं. बाटली कोरडी तोला, मग पाणी भरून, मग पुन्हा धुऊन वाळवून तेल भरून. समजा रिकामी २८.४०, पाण्यासकट ७८.२० आणि तेलासकट ७३.८० ग्रॅम भरली. पाणी ४९.८०, तेल ४५.४०. भागाकार ०.९११६. खोलीचं तापमान २८ अंश असेल तर पाण्याची घनता ०.९९६२, म्हणून तेलाची ०.९०८२. आठ अंशांची दुरुस्ती, म्हणजे ०.००५४, मिळवली की २० अंशांना ०.९१३६. हे शेंगतेलाच्या पट्ट्यात नीट बसतं. बुचाच्या बारीक छिद्रातून तेल वर यायला हवं आणि आत बुडबुडा राहता कामा नये. घाण्याचं ताजं तेल असेल तर आधी गाळ बसू द्या. बुडबुड्यामुळे आकडा कमी येतो, गाळामुळे जास्त.

हा मोजलेला आकडा मात्र विकीवर टाकायचा नाही. स्वतः केलेलं मोजमाप तिथे मूळ संशोधन ठरतं आणि काढलं जातं. त्याचा उपयोग एवढाच की तक्त्यात टंकलेला आकडा वेडावाकडा असेल तर तुमच्या लगेच लक्षात येईल. आणखी एक सांगणं. घनतेवरून भेसळ ओळखण्याची सोय या साधनात घालायची मागणी कधी आली तर नाही म्हणा. शेंगदाणा ०.९२० पर्यंत जातो आणि सोयाबीन ०.९१९ पासून सुरू होतं. पट्टे एकमेकांवर चढतात, त्यामुळे तसा निकाल देणं विक्रेत्यावर अन्याय करणारं ठरेल.

आता कोडकडे. सीमाभागात एक अडचण अशी येते जी पुण्या-मुंबईच्या संपादकांच्या डोळ्यांपुढे सहसा नसते. एकाच फोनवर मराठी, कन्नड आणि इंग्रजी असे तीन कीबोर्ड असतात, आणि साच्यात आकडे तिन्ही लिप्यांतले येतात. लिहिलेल्या मजकुराचा आकडा करणाऱ्या लुआच्या 'टूनंबर'ला फक्त इंग्रजी आकडे कळतात. '१५' दिलं तर ते काहीच परत करत नाही आणि साचा लाल चूक दाखवतो. विकीच्या भाषा-संचातलं 'पार्सफॉर्मॅटेडनंबर' मराठी आकडे वाचतं, पण मराठी विकीवर कन्नड आकडे त्याच्या आवाक्याबाहेर. सरळ मार्ग असा: 'एमडब्ल्यू.यूस्ट्रिंग' हा युनिकोड अक्षरं हाताळणारा संच वापरून एकेका अक्षराचा युनिकोड क्रमांक घ्या. देवनागरी शून्य २४०६ वर आहे, कन्नड शून्य ३३०२ वर. क्रमांक २४०६ ते २४१५ मधला असेल तर २४०६ वजा करा, ३३०२ ते ३३११ मधला असेल तर ३३०२ वजा करा, अंक हाती येतो. साधा 'स्ट्रिंग' संच इथे वापरू नका. त्याच्या लेखी '५' हे एक अक्षर नसून तीन बाइट आहेत, आणि तुकडे भलत्याच जागी पडतात. '१,०००' मधला स्वल्पविराम आधी काढून टाका. 'दीड' आणि 'अडीच' ओळखायचे असतील तर छोटी यादी करा, नाहीतर स्पष्ट नकार द्या. गुपचूप शून्य धरणं सगळ्यात वाईट.

तेलांची नावं हा दुसरा गुंता. शेंगदाणा, शेंगतेल, भुईमूग ही सगळी एकाच नोंदीकडे जायला हवीत. 'सूर्यफूल' चार तऱ्हांनी लिहिलं जातं, त्यामुळे ऱ्हस्व-दीर्घाचे नेहमीचे पर्याय पर्यायी नावांत टाका आणि न दिसणारे जोडचिन्हांचे युनिकोड वर्ण तुलनेआधी गाळा. 'गोडतेल' आलं तर मात्र अंदाज करू नका. कुणाकडे ते शेंगतेल असतं, कुणाकडे कुठलंही रिफाइंड. साधनाने कोणतं तेल ते विचारावं. 'शेर' बद्दलही तेच: वजनी शेर आणि मापी शेर वेगळे, आणि मापी शेर गावागणिक वेगळा. नुसता शेर नाकारावा.

घनतेचा तक्ता वेगळ्या पानावर ठेवा आणि 'लोडडेटा' या फंक्शनने आणा. एका लेखात साचा वीस वेळा आला तरी तक्ता एकदाच वाचला जातो. त्या तक्त्यात फंक्शन चालत नाहीत, आणि यादीची लांबी मोजणारं '#' चिन्हही त्यावर भरवशाचं नाही. ही गोष्ट माहीत नसली की नसलेली चूक शोधण्यात अख्खी दुपार जाते. डिझेल-पेट्रोल याच तक्त्यात घुसडू नका. पंपावर त्यांची घनता १५ अंशांची सांगतात, आणि त्यांचा उतारही वेगळा असतो.

उत्तर किती अंकांपर्यंत द्यायचं? पाच लिटर शेंगतेल ३० अंशांना मधल्या आकड्याने ४.५४ किलो येतं. पण पट्ट्याची दोन्ही टोकं धरली तर ते ४.५२ ते ४.५६ मध्ये कुठेही असू शकतं. तेव्हा '४.५३७५ किलो' छापणं म्हणजे नसलेली अचूकता मिरवणं. तीन सार्थ अंक पुरेत, आणि जमलं तर पट्टाही दाखवा. आकडा जवळच्या अंकापर्यंत आणायचा तो अगदी शेवटी. मधेच ०.९१४३ ची घनता ०.९१ केली की १५ किलोच्या डब्यात पाऊणशेहून जास्त मिलिलिटर हवेतून येतात.

चालू विभागात थेट हात घालायचा नाही. धूळपाटीवर, म्हणजे सरावाच्या पानावर, प्रत घ्या, तिथे बदला, चाचणीपानावर जुनं आणि नवं उत्तर शेजारी मांडा. चाचण्यांत वरचे सोयाबीनचे दोन आकडे असू द्या, लिटरवरून किलो आणि पुन्हा लिटर असा फेरा असू द्या, आणि चुकीच्या भरणाही असू द्या: रिकामा आकडा, उणे आकडा, 'गोडतेल', '१५ ली', १० अंशांचं खोबरेल. चुकीच्या भरणाचं उत्तर लाल संदेश आणि मागोवा वर्ग (चुकलेली पानं एकत्र दाखवणारा वर्ग) असं यावं, म्हणजे कुठल्या लेखात काय बिघडलंय ते एका पानावर दिसतं. विभाग सुरक्षित असेल, म्हणजे सगळ्यांना बदलता येत नसेल, तर चर्चापानावर बदलाची विनंती टाका. विनंतीत नेमकी ओळ, नेमकं कारण आणि चाचणीचा दुवा असला की ती लवकर मार्गी लागते. 'कोड सुधारला' एवढाच संपादन सारांश लिहिला तर तपासणाऱ्याला सगळं पुन्हा वाचावं लागतं.

सुरुवात एका तेलापासून करा. करडई किंवा जवस, जे तक्त्यात नसेल ते. स्रोत, तापमान, पट्टा आणि पर्यायी नावं असलेली एक नोंद नीट भरली, तिच्या तीन चाचण्या लिहिल्या, की साधनाचे सगळे कप्पे हाताखालून जातात. नोकरीच्या अर्जात दाखवायचं असेल तर 'विकीवर योगदान' असं मोघम लिहू नका. आपल्या बदलाचा दुवा आणि आधी काय चुकत होतं ते एका वाक्यात लिहा. मुलाखत घेणारा तोच दुवा उघडून प्रश्न विचारतो.

कन्नड येत असेल तर पुढचं काम तयारच आहे. वाचकाला दिसणारे सगळे संदेश कोडमधून काढून एका वेगळ्या तक्त्यात ठेवा, तेलांची कन्नड नावं पर्यायी नावांत भरा, आणि विभाग कन्नड विकीवर नेताना मूळ पानाचा दुवा संपादन सारांशात द्या. परवान्याप्रमाणे श्रेय देणं बंधनकारक आहे. घनतेचे आकडे दोन्हीकडे सारखेच राहिले पाहिजेत, त्यामुळे एकीकडे दुरुस्ती झाली की दुसरीकडच्या चर्चापानावर त्याच दिवशी कळवा.