परफॉर्मन्सला उभे राहण्यापूर्वी: वेंगुर्ल्यातील अनुभव

माझे आजोबा दशावतारात स्त्रीपार्टी करीत. जत्रेच्या रात्री देवळामागे पेटारा उघडून, हातातल्या आरशात पाहत ते स्वतःच रंग लावीत आणि एकदा लुगडे नेसून झाले की मी हाक मारली तरी ओ देत नसत. दशावतारात संवाद लिहिलेले नसतात. कथानक ठाऊक असते, बाकीचे उभे राहिल्यावर सुचते. त्यामुळे मुंबईत चित्रकला शिकताना परफॉर्मन्स कलेची, म्हणजे कलाकाराचे शरीर आणि कृती हीच कलाकृती असलेल्या कलेची, ओळख झाली तेव्हा ती मला घरचीच वाटली, आणि तिथेच माझे चुकले. आजोबा आणि प्रेक्षक यांच्यामध्ये द्रौपदी असे, मोहिनी असे. माझ्या पुढ्यात तशी कोणीच नव्हती.

गावात मी ‘मुंबईवाली’ आणि मुंबईत ‘कोकणातली’, हा माझा विषय होता. आठवडी बाजारात पांढरी साडी नेसून मी बसले आणि ‘मी कोण, ते माझ्या साडीवर लिहा’ अशी पाटी ठेवली. पहिला तास सुंदर गेला; मुलांनी होड्या काढल्या, एका वृद्ध गृहस्थांनी आजोबांचे नाव लिहिले. मग कोणीतरी जातीवरून लिहिले, दोघांनी साडी सोडून दंडावर पेन टेकवले आणि बाकीचे मोबाइलवर चित्रण करू लागले. बोलायचे नाही असे मी ठरवले होते, म्हणून गप्प राहिले. ते चित्रण गावभर फिरले आणि आईला दारोदार उत्तरे द्यावी लागली.

नंतर मी जुनी कामे नीट अभ्यासली. जपानी कलाकार योको ओनो यांनी १९६४ साली क्योटो येथे ‘कट पीस’ केले, त्यात प्रेक्षकांनी कात्रीने त्यांचे कपडे कापायचे होते. सर्बियन कलाकार मरीना अब्रामोविच यांनी १९७४ साली इटलीतल्या नेपल्समध्ये ‘रिदम ०’साठी टेबलावर ७२ वस्तू मांडल्या, त्या प्रेक्षकांनी त्यांच्यावर हव्या तशा वापरायच्या होत्या; त्यांत गुलाब होता, तसेच पिस्तूल आणि गोळीही होती. धोका दोन्हीकडे प्रचंड होता, तरीही अब्रामोविच यांच्या कामाला सहा तासांची ठरलेली वेळ होती. माझ्या कामाला शेवटच नव्हता. नवोदितांना माझे कळकळीचे सांगणे आहे की स्वतःला उघडे करणे म्हणजे स्वतःला टाकून देणे नव्हे. काम केव्हा संपेल, शरीराला कुठे स्पर्श चालेल, चित्रण कोण करील, हे आधी कागदावर लिहा आणि ‘थांब’ म्हणण्याचा अधिकार असलेला एक विश्वासू माणूस जवळ उभा ठेवा.

यानंतर मी व्हिडिओकडे वळले. भारतीय कलाकार सोनिया खुराना यांच्या १९९९ सालच्या ‘बर्ड’ या व्हिडिओमध्ये एक निर्वस्त्र स्त्रीदेह उडण्याचा प्रयत्न करतो आणि पुन्हा पुन्हा कोसळतो, तिथे गर्दी नाही, कॅमेरा तेवढा साक्षी आहे. मी त्याच पांढऱ्या साडीत ओहोटीपासून भरतीपर्यंत समुद्रात उभी राहिले. ओहोटी ते भरती सुमारे सव्वासहा तास लागतात आणि भरतीची वेळ रोज साधारण ५० मिनिटांनी पुढे सरकते, त्यामुळे उजेड व पाणी यांचा मेळ घालण्यासाठी तिथी पाहावी लागते. अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणात उभे राहू नका. अष्टमीच्या सुमाराची भांगाची, म्हणजे कमी चढणारी, भरती निवडा. शेजारचे एक मच्छीमार काका दोर घेऊन पूर्ण वेळ माझ्याजवळ होते.

कॅमेऱ्याचे पाय वाळूत खचतात, म्हणून खाली फळी घ्या. खारे तुषार काचेवर सुकू देऊ नका, आणि पावसाळ्यात भिंगाला बुरशी लागते म्हणून कॅमेरा सिलिका जेलच्या पुड्यांसह बंद डब्यात ठेवा. घरात ट्यूबलाइटखाली चित्रण करायचे असेल तर सेकंदाला २५ फ्रेम आणि १/५० शटर ठेवा, नाहीतर उजेड लुकलुकतो.

खरे कठीण काम संकलनाचे. सहा तासांतून अकरा मिनिटे उरली. चौथ्या तासाला मी रडले होते, ते ठेवले, कारण लपवण्यासारखे त्यात काही वाटले नाही. कोणालाही दाखवण्यापूर्वी ते आईला दाखवले. माझ्या रडण्याबद्दल ती काहीच बोलली नाही. एका दृश्यात मागे आमच्या घराची पेळ, म्हणजे पुढचा बसायचा कट्टा, आणि अंगण दिसत होते, तेवढे काढ म्हणाली. ते दृश्य मला फार आवडत होते. मी ते काढले.