गेम फुलस्क्रीनऐवजी विंडोत कसा चालवायचा

घरात कॉम्प्युटर एक आणि डोळा ठेवायच्या गोष्टी चार: ऑफिसचा चॅट, पोरांचा ऑनलाइन क्लास, क्रिकेटचा स्कोअर आणि त्यातून वेळ मिळालाच तर गेम. मुंबईच्या वन रूम किचनमध्ये दुसरा मॉनिटर ठेवायला टेबलच नसतं, म्हणून गेम छोट्या विंडोत चालवणं सोयीचं पडतं. बहुतेक नव्या गेममध्ये हे मिनिटभरात होतं. जुने आणि हट्टी गेम थोडी झटापट करायला लावतात. क्रम मात्र एकच ठेवा: आधी गेममधलं सेटिंग, ते नसेल तर सुरू करतानाची कमांड, मग सेटिंगची फाइल आणि सगळे उपाय थकले तरच बाहेरचं सॉफ्टवेअर. बरेच जण थेट शेवटच्या उपायावर उडी मारतात आणि अर्धा तास फुकट घालवतात.

आधी आकार ठरवा

सगळ्यात जास्त चुका इथे होतात. गेममध्ये निवडलेलं रिझोल्यूशन हे फक्त चित्राचं माप असतं. विंडोची वरची पट्टी साधारण ३१ पिक्सेल घेते आणि टास्कबार विंडोज ११ मध्ये ४८, विंडोज १० मध्ये ४० पिक्सेल घेतो. १३६६×७६८ च्या लॅपटॉपवर तुम्ही १२८०×७२० निवडलंत, तर ७२० अधिक ३१ अधिक ४८ म्हणजे ७९९ झाले. स्क्रीन ७६८ ची. खालची ३१ पिक्सेलची पट्टी टास्कबारमागे किंवा स्क्रीनबाहेर जाते, आणि नेमका तिथेच गेमचा नकाशा नाहीतर गोळ्यांचा आकडा असतो.

म्हणून १३६६×७६८ वर १०२४×५७६ घ्या. यादीत ११७६×६६४ दिसत असेल तर ते त्याहून बरं, कारण ते जेमतेम पण नीट मावतं. १६००×९०० च्या स्क्रीनवर १२८०×७२० आणि १९२०×१०८० वर १६००×९०० चालतं. लॅमिंग्टन रोडवरून सेकंडहँड आणलेला १२८०×१०२४ चा चौकोनी मॉनिटर असेल तर अडचण रुंदीची असते. तिथे १०२४×७६८ ठेवा. ही मापं विंडोजचं स्केलिंग, म्हणजे अक्षरं आणि चित्रं मोठी करून दाखवण्याचं प्रमाण, १०० टक्के धरून दिली आहेत. लॅपटॉपवर ते बहुधा १२५ किंवा १५० टक्के असतं, आणि तेवढ्या प्रमाणात पट्टी आणि टास्कबारही जाड होतात. १५० टक्क्यांवर दोन्ही मिळून ११८ पिक्सेल धरा.

आकार लहान केल्याचा आणखी एक फायदा आहे. १९२०×१०८० म्हणजे २०,७३,६०० पिक्सेल आणि १२८०×७२० म्हणजे ९,२१,६००, म्हणजे निम्म्याहूनही कमी. ग्राफिक्स चिपवरचा भार तेवढा उतरतो. मे महिन्यात पंख्याखाली लॅपटॉप घेऊन बसणाऱ्याला हा फरक मांडीवरच कळतो.

गेमच्या आत

गेमच्या सेटिंग्जमध्ये व्हिडिओ, ग्राफिक्स किंवा डिस्प्ले या नावाचं पान उघडा. तिथे डिस्प्ले मोडसमोर सहसा तीन पर्याय असतात. फुलस्क्रीन आपल्याला नकोच आहे. विंडोड म्हणजे पट्टीसकट हलवता येणारी विंडो. बॉर्डरलेस किंवा विंडोड फुलस्क्रीन म्हणजे दिसायला पूर्ण स्क्रीन, पण आतून विंडोच. दुसऱ्या खिडकीकडे पटकन जायचं एवढीच गरज असेल तर बॉर्डरलेस पुरतं. मात्र त्यात बऱ्याच गेमचं रिझोल्यूशन डेस्कटॉपएवढंच राहतं, त्यामुळे गेम जड वाटला तर रेंडर स्केल, म्हणजे गेम आतून ज्या मापाने चित्र काढतो ते प्रमाण, कमी करावं लागतं. स्कोअर शेजारी सतत दिसायला हवा असेल तर विंडोडच घ्या.

काही गेममध्ये पर्याय आडबाजूला असतो. काउंटर-स्ट्राइक १.६ मध्ये ऑप्शन्समधल्या व्हिडिओच्या पानावर ‘रन इन अ विंडो’ अशी टिक करायची चौकट आहे. माइनक्राफ्टला तर मेन्यूत जायचीही गरज नाही, एफ११ दाबलं की पुरे.

पर्याय सापडलाच नाही तर गेम चालू असताना ऑल्ट धरून एंटर दाबून पाहा. डायरेक्टएक्स (गेमचं चित्र काढणारा विंडोजचा भाग) १० आणि त्यापुढच्या गेमना ही सोय विंडोजकडून आपोआप मिळते. गेम बनवणाऱ्यांनी ती मुद्दाम बंद केली असेल तरच चालत नाही. अशी विंडो कधी कधी अख्ख्या स्क्रीनच्या मापाची उघडते. मग कडा ओढून किंवा सेटिंगमध्ये जाऊन आकार कमी करा.

सुरू करताना कमांड द्या

गेम विकणाऱ्या आणि चालवणाऱ्या स्टीम या ॲपवर लायब्ररीत गेमच्या नावावर राइट क्लिक करा, प्रॉपर्टीज उघडा आणि जनरलच्या पानावर लाँच ऑप्शन्सची रिकामी ओळ शोधा. कमांड इंग्रजी छोट्या अक्षरांत टाइप करायची, आकडेही इंग्रजी, आणि डॅश व शब्द यांत जागा सोडायची नाही.

काउंटर-स्ट्राइक, हाफ-लाइफ अशा व्हॉल्व्ह कंपनीच्या गेमसाठी: डॅश विंडोड, जागा, डॅश डब्ल्यू, जागा, १२८०, जागा, डॅश एच, जागा, ७२०. विंडोडचं स्पेलिंग ‘विंडो’ला ई आणि डी जोडून होतं. युनिटी इंजिनवरच्या (इंजिन म्हणजे गेम ज्यावर बांधलेला असतो ते तयार सॉफ्टवेअर) गेमना ही कमांड कळत नाही. त्यांना डॅश स्क्रीन डॅश फुलस्क्रीन असं जोडून लिहून पुढे जागा सोडून शून्य द्यावं लागतं. रुंदीसाठी डॅश स्क्रीन डॅश विड्थ आणि उंचीसाठी डॅश स्क्रीन डॅश हाइट, प्रत्येकापुढे जागा सोडून आकडा. गेम युनिटीचा आहे का, हे त्याच्या फोल्डरमध्ये युनिटीप्लेअर नावाची डीएलएल फाइल आहे का यावरून कळतं. अनरिअल इंजिनसाठी डॅश विंडोड, मग डॅश रेसएक्स (आर, ई, एस, एक्स) बरोबरचं चिन्ह १२८०, आणि डॅश रेसवाय बरोबरचं चिन्ह ७२०. इथे बरोबरच्या चिन्हाच्या आजूबाजूला जागा नको.

स्टीमवर नसलेल्या गेमसाठी डेस्कटॉपवरच्या शॉर्टकटवर राइट क्लिक करून प्रॉपर्टीजमध्ये टार्गेटची ओळ पाहा. तिथे फाइलचा पत्ता बहुधा अवतरणचिन्हांत असतो. कमांड शेवटच्या अवतरणचिन्हानंतर एक जागा सोडून लिहा. ती आत लिहिली की विंडोज त्या सगळ्याला फाइलचं नाव समजतं आणि पत्ता चुकीचा असल्याचं सांगून मोकळं होतं. आणि मग गेम त्याच शॉर्टकटवरून उघडा. दुसरीकडून उघडलात तर कमांड लागू होणार नाही.

सेटिंगची फाइल

गेम फुलस्क्रीनमध्येच काळा पडून बंद होत असेल आणि मेन्यूपर्यंत पोचताच येत नसेल, तर फाइल बदलणं हाच मार्ग. अनरिअलच्या गेमचं उदाहरण घेऊ. विंडोज की आणि आर दाबा, दोन टक्के-चिन्हांच्या मध्ये लोकलॲपडेटा हा शब्द जोडून टाइप करा आणि एंटर द्या. गेमच्या फोल्डरमध्ये सेव्हड, मग कॉन्फिग, मग विंडोजनोएडिटर किंवा नव्या गेममध्ये नुसतं विंडोज. फोल्डरला गेमचं बाजारातलं नाव असेलच असं नाही, कित्येकदा कंपनीने ठेवलेलं आतलं नाव असतं. तिथली गेमयूजरसेटिंग्ज ही आयएनआय फाइल नोटपॅडमध्ये उघडण्याआधी तिची एक कॉपी काढून ठेवा. फुलस्क्रीनमोड या ओळीत ० म्हणजे फुलस्क्रीन, १ म्हणजे बॉर्डरलेस, २ म्हणजे विंडो. २ करा, रिझोल्यूशनसाइजएक्स आणि वाय यांत माप घाला, सेव्ह करा. हे सगळं गेम बंद असताना करा. चालू असेल तर बंद होताना तो तुमच्या बदलांवर पुन्हा आपलंच लिहून ठेवतो.

जुने गेम

विंडोज ९८ किंवा एक्सपीच्या काळातल्या कित्येक गेममध्ये विंडोची सोयच नाही. त्यांतले अनेक २५६ रंगांच्या पडद्यासाठी लिहिलेले असतात आणि आजच्या ३२ बिट रंगांच्या डेस्कटॉपवर विंडोत शिरायला तयार नसतात. इथे मधला दुभाष्या लागतो. डीजीव्हूडू २ हे त्यातलं भरवशाचं सॉफ्टवेअर. त्याच्या झिपमधल्या एमएस फोल्डरात एक्स८६ आणि एक्स६४ असे विभाग आहेत. जुने गेम ३२ बिटचे असल्याने एक्स८६ मधल्या डीएलएल फाइली घ्या आणि त्या, तसंच त्याचं कंट्रोल पॅनेल, गेमच्या मुख्य फाइलशेजारी ठेवा. एक्स६४ मधल्या फाइली टाकल्या की काहीच घडत नाही, आणि लोक सॉफ्टवेअरलाच दोष देतात. कंट्रोल पॅनेलच्या जनरल पानावर विंडोड निवडा. डायरेक्टएक्सच्या पानावर गेमने स्वतः फुलस्क्रीन-विंडो ठरवण्याची टिक असते ती काढा, नाहीतर गेम परत पूर्ण स्क्रीन पकडेल. त्याच पानावरची वॉटरमार्कची टिकही काढून टाका.

हे जमलं नाही तर डीएक्सविंड. गेमची मुख्य फाइल त्याच्या चौकटीत ओढून टाका, विंडोत चालवण्याची टिक आणि माप तपासा, आणि गेम डीएक्सविंडमधूनच डबल क्लिक करून उघडा.

विंडोजच्या आधीच्या डॉसच्या काळातल्या गेमसाठी डॉसबॉक्स हे सॉफ्टवेअर. त्यात ऑल्ट-एंटर चालतं. विंडो मोठी हवी असेल तर कॉन्फिग फाइलमध्ये फुलस्क्रीनसमोर फॉल्स, विंडोरिझोल्यूशनसमोर १२८०x९६० आणि आउटपुटसमोर ओपनजीएल लिहा. आकड्यांमधली फुली म्हणजे इंग्रजी एक्स. आउटपुट सर्फेस राहिलं तर माप कितीही बदला, विंडो हलत नाही. हे माप अर्थात मोठ्या स्क्रीनसाठी. लॅपटॉपवर ६४०x४८० ठेवा. माउस आत अडकला तर कंट्रोल आणि एफ१०.

एक इशारा इथेच देतो. ऑनलाइन स्पर्धेच्या गेमच्या फोल्डरात अशा डीएलएल कधीही टाकू नका. चीटिंग पकडणारी यंत्रणा त्यांना छेडछाड समजू शकते, आणि खातं बंद झालं तर दाद मागणं कठीण जातं. तिथे फक्त गेमचं स्वतःचं सेटिंग वापरा.

मग जे बिघडतं ते

विंडो स्क्रीनबाहेर गेली. दुसरा मॉनिटर काढल्यावर हमखास होतं. टास्कबारवरून गेम निवडा, ऑल्ट आणि स्पेस दाबा, मग एम, मग बाणाची एक की. आता माउस हलवला की विंडो त्याला चिकटून येते.

चित्र धूसर दिसतं. गेमला स्केलिंग कळत नाही म्हणून विंडोज त्याला ताणतं. गेमच्या फाइलवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, कम्पॅटिबिलिटी, हाय डीपीआय सेटिंग्ज. तिथे ओव्हरराइडची टिक करून ॲप्लिकेशन निवडा. विंडो लहान होईल, पण रेषा स्वच्छ दिसतील.

माउस बाहेर निसटतो. कडेला नेऊन नकाशा सरकवायच्या गेममध्ये हे फार त्रासदायक आहे. सेटिंगमध्ये कर्सर विंडोत बंद ठेवण्याचा पर्याय शोधा. नसेल तर नकाशा बाणांच्या कीने हलवा.

जुना गेम अंधारा दिसतो आणि ब्राइटनेसची पट्टी सरकवूनही उजळत नाही. ती पट्टी बहुधा गॅमा (पडद्याच्या उजेडाचं सेटिंग) बदलते, आणि जुन्या डायरेक्टएक्समध्ये तो बदल फक्त फुलस्क्रीनमध्येच लागू होतो. डीजीव्हूडूमध्ये उजेडाची वेगळी सोय आहे.

माउसला प्रतिसाद उशिरा मिळतो. विंडोज ११ मध्ये सेटिंग्ज, सिस्टिम, डिस्प्ले, ग्राफिक्स या वाटेने जाऊन विंडोत चालणाऱ्या गेमसाठीचं ऑप्टिमायझेशन सुरू करा. ते डायरेक्टएक्स १० आणि ११ च्या गेमसाठी आहे, त्याहून जुन्यांना त्याचा उपयोग नाही.

दुसऱ्या खिडकीत गेल्यावर गेम आपोआप थांबत असेल किंवा आवाज बंद होत असेल तर सेटिंगमध्ये बॅकग्राउंडसंबंधी टिक पाहा. उलट गेम मागे राहूनही पंखा घोंघावत असेल, तर एनव्हीडियाच्या कंट्रोल पॅनेलमध्ये मागे पडलेल्या ॲपचा कमाल फ्रेमदर ३० वर आणा.

मॅकवर कंट्रोल, कमांड आणि एफ एकत्र दाबले की बरेच गेम फुलस्क्रीनमधून बाहेर येतात. लिनक्सवर वाइन या सॉफ्टवेअरमधून विंडोजचा गेम चालवत असाल तर वाइनच्या कॉन्फिगरेशनमध्ये ग्राफिक्सच्या पानावर व्हर्च्युअल डेस्कटॉपची टिक करा आणि माप द्या. गेमने आत कितीही फुलस्क्रीन मागितलं तरी तो त्या चौकटीतच राहतो.