मूक विनोदी लघुपट पाहावा कसा?

मूकपटांच्या काळातील धडपडीचे विनोदी लघुपट पाहायला बसलेले बरेच जण पाच मिनिटांत कंटाळतात, आणि त्यात दोष पाहण्याच्या पद्धतीचाच अधिक असतो. सुरुवात अमेरिकन विनोदी नट-दिग्दर्शक बस्टर कीटनच्या १९२० सालच्या ‘वन वीक’पासून करावी. हा दोन रिळांचा, साधारण वीस-पंचवीस मिनिटांचा पट आहे. तो मोबाइलवर पाहू नये, कारण कीटनचा विनोद चौकटीच्या कोपऱ्यांतही घडतो.

आधी वेग तपासावा. त्या काळी कॅमेरा हाताने फिरवला जाई आणि सेकंदाला किती चौकटी (म्हणजे सलग स्थिरचित्रे) टिपायच्या याचा दंडक नव्हता. २४ चौकटींचे प्रमाण बोलपटांबरोबर रूढ झाले. म्हणून कमी चौकटींनी टिपलेला पट या वेगाने दाखवला की काही प्रतींमध्ये माणसे तुरुतुरु पळताना दिसतात. विनोदाशी संबंध नसलेला, मागून सहज चालणारा एखादा माणूस हेरावा. तोही दुडक्या चालीने जात असेल, तर प्लेअरचा वेग जरासा कमी करावा. फार कमी करू नये, कारण विनोदी दृश्यांत कॅमेरा मुद्दामच सावकाश फिरवून पडद्यावरची गती वाढवलेली असे. पार्श्वसंगीत बहुधा नंतर जोडलेले असते. ते प्रत्येक आपटण्याला झांज वाजवू लागले, तर खुशाल बंद करावे.

आता मुख्य गोष्ट: पडण्यापेक्षा पडण्याच्या तयारीकडे लक्ष द्यावे. ‘वन वीक’मध्ये नवविवाहित जोडप्याला (वर म्हणजे कीटन) सुट्या भागांचे घर खोक्यांत भरून मिळते आणि वधूचा नाकारलेला प्रियकर खोक्यांवरचे, जोडणीचा क्रम सांगणारे आकडे बदलतो. हे क्षणभराचे दृश्य निसटले, तर पुढचे वाकडेतिकडे घर हा नुसता वेंधळेपणा वाटतो. वास्तविक कीटन सूचनांबरहुकूमच काम करत असतो.

(ज्यांना शेवट आधी कळायला नको, त्यांनी इथेच थांबून पट लावावा.) घर भलत्याच जागेवर बांधले गेल्याचे कळल्यावर ते ओढून नेताना रुळांवर अडकते. आगगाडी धडधडत येते, दोघे डोळे झाकून घेतात, आणि गाडी शेजारच्या रुळावरून निघून जाते. आपण सुटकेचा निःश्वास टाकतो न टाकतो, तोच उलट दिशेने आलेली दुसरी गाडी घराचा चुराडा करते. दुसऱ्यांदा पाहताना इथे गाडीकडे न पाहता कॅमेऱ्याचा कोन पाहावा: घर नेमके कोणत्या रुळावर आहे, हे त्याने आपल्याला कळूच दिलेले नसते. मग ढिगाऱ्यावर ‘विकणे आहे’ची पाटी लावून कीटन तिला बांधकामाच्या सूचनांचा कागदही जोडतो, त्या वेळी त्याचा चेहरा पाहावा, त्यावरची रेषासुद्धा हललेली नसते.